हरवलेल्या सिनेमांची आधी नीट नोंद हवी

१८ मे १९१२ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब तोरणे यांचे ‘श्री पुंडलिक’ पडद्यावर आले. त्या चित्रपटाचा आज एक फूटही शिल्लक नाही. तरीही तो बनला आणि लोकांनी पाहिला, यावर शंका घ्यायला जागा नाही, कारण २५ मे १९१२ च्या ‘टाइम्स ऑफ इंडिया’त त्याची जाहिरात छापलेली आहे. दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ची गोष्ट नेमकी उलटी. त्याच्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे अशी दोन रिळे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत, ती असंख्य वेळा दाखवली गेली आहेत, माहितीपटांत वापरली गेली आहेत. पण ही रिळे ३ मे १९१३ रोजी प्रदर्शित झालेल्या मूळ चित्रपटाची, की फाळक्यांनी १९१७ मध्ये नव्याने बनवलेल्या ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ची, याबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत, आणि ती १९१७ ची आहेत असे मानणाऱ्यांचे म्हणणे सहज बाजूला सारता येण्यासारखे नाही. म्हणजे जो चित्रपट हातात नाही त्याच्याबद्दल आपण निश्चिंत आहोत आणि जो हातात आहे त्याची ओळख अनिश्चित आहे. चित्रपट टिकला का आणि चित्रपट बनला का, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. मराठी मूकपटांच्या बाबतीत आपण ते सतत एकत्र करत आलो आहोत. त्यामुळे खरोखर हरवलेले चित्रपट, कदाचित कधी पूर्णच न झालेले चित्रपट आणि कुणाच्या तरी आठवणीतून यादीत आलेले चित्रपट एकाच शोकगीतात गायले जातात. माझे म्हणणे असे, की हरवलेली रिळे शोधण्याइतकीच, किंबहुना त्याच्या आधी, त्या रिळांच्या अस्तित्वाचा कागदी पुरावा गोळा करण्याची आणि पुराव्याच्या बळानुसार त्याची सार्वजनिक नोंद करण्याची गरज आहे. तो कागदही वेगाने नष्ट होतो आहे.

हे अ‍ॅशबर्नमधून लिहिताना एक फरक डोळ्यांत भरतो. व्हर्जिनियातल्या या गावात जगातल्या सर्वांत मोठ्या डेटा सेंटर-समूहांपैकी एक आहे आणि आसपासच्या लाउडन काउंटीत राहणारी कितीतरी मराठी कुटुंबे माहिती साठवण्याच्या, हलवण्याच्या, सुरक्षित ठेवण्याच्या व्यवसायातच आहेत. इथून मोटारीने तास-सव्वा तासावर कल्पेपर नावाचे गाव आहे. तिथल्या माउंट पोनी टेकडीच्या पोटात फेडरल रिझर्व्ह बँकेने १९६९ मध्ये एक भुयारी कोठार बांधले होते. अणुयुद्ध झालेच तर नंतर चलनात आणायच्या नोटा तिथे ठेवल्या जात. २००७ पासून त्या जागेत लायब्ररी ऑफ काँग्रेसचा दृक्‌श्राव्य जतन विभाग आहे, आणि ज्वालाग्राही नायट्रेट फिल्मसाठी तिथे १२४ स्वतंत्र थंड कोठड्या आहेत. पण अमेरिकेला आपल्या सुरुवातीच्या सिनेमाबद्दल जे खात्रीने सांगता येते, त्याचे मूळ या कोठड्यांत नाही. ते एका कायदेशीर अडचणीत आहे. १९१२ पर्यंत तिथल्या कॉपीराइट कायद्यात चलच्चित्र हा प्रकारच नव्हता. छायाचित्र मात्र होते. म्हणून एडिसनच्या आणि इतर कंपन्या आपल्या फिल्मची चौकटीमागून चौकट कागदाच्या लांब पट्टीवर छापत आणि ती पट्टी छायाचित्र म्हणून नोंदणीसाठी देत. जानेवारी १८९४ मध्ये एडिसनच्या प्रयोगशाळेत टिपलेली फ्रेड ऑट यांची काही सेकंदांची शिंक अशीच कागदावर पोचली. पुढे मूळ फिल्म जळल्या, विरघळल्या, फेकल्या गेल्या. कागदाच्या पट्ट्या मात्र ग्रंथालयात पडून राहिल्या, १९४० च्या दशकात त्यांच्याकडे पुन्हा लक्ष गेले आणि त्यांचे पुन्हा छायाचित्रण करून तीन हजारांच्या घरात चित्रपट पडद्यावर परत आणता आले.

याहून बोधक आहे ते पुढचे. २४ ऑगस्ट १९१२ ला कायदा बदलला आणि चित्रपटाची चित्रपट म्हणून नोंदणी होऊ लागली. नायट्रेटच्या धोक्यामुळे ग्रंथालय नोंदणीनंतर प्रती निर्मात्यांना परत पाठवू लागले आणि स्वतःकडे फक्त कथासारांश आणि वर्णनाचे कागद ठेवू लागले. परिणाम असा, की नंतरच्या काळातले अमेरिकी चित्रपट मोठ्या प्रमाणावर नष्ट झाले, पण ते होते हे मात्र कागदावर राहिले. डेव्हिड पिअर्स यांनी लायब्ररी ऑफ काँग्रेससाठी केलेल्या आणि २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात १९१२ ते १९२९ या काळातले १०,९१९ पूर्ण लांबीचे अमेरिकी मूकपट मोजले आहेत. त्यांपैकी मूळ ३५ मिलिमीटर रूपात पूर्ण टिकलेले केवळ १४ टक्के आहेत आणि सुमारे ७० टक्के पूर्णपणे गेलेले आहेत. हानी भयंकर आहे. पण तिचे मोजमाप करता येते, कारण भागाकारातला छेद माहीत आहे. आपल्याकडे छेदच डळमळीत आहे. भारतात मूकपटांच्या काळात सुमारे १३०० चित्रपट बनले असे आपण म्हणतो. हा आकडा ज्या परिश्रमातून आला त्याचे मोल मोठे आहे. वीरचंद धरमसी यांनी जुनी वर्तमानपत्रे आणि सेन्सॉरच्या नोंदी चाळून केलेली सूची १९९४ मध्ये प्रसिद्ध झाली आणि आजही कोणत्याही गंभीर कामाची सुरुवात तिथूनच होते. पण एका संशोधकाच्या चिकाटीवर एका देशाच्या चित्रपट-इतिहासाचा पाया उभा असावा, ही परिस्थिती त्या संशोधकासाठी गौरवाची असली तरी आपल्या संस्थांसाठी नाही.

भारतात नोंदीची परंपरा नव्हती असे मुळीच नाही. १८६७ च्या कायद्याने छापखान्यातून बाहेर पडणाऱ्या प्रत्येक पुस्तकाची प्रत सरकारला द्यावी लागे आणि मुंबई इलाख्यातल्या पुस्तकांच्या याद्या दर तीन महिन्यांनी छापल्या जात. त्यामुळे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातले एखादे कीर्तनाचे चोपडे किंवा पंचांगसुद्धा आज नोंदीवरून शोधता येते. ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंचा खेळ झाल्यानंतर जन्मलेल्या सिनेमाला ही शिस्त लागू झाली नाही. १९१८ चा सिनेमॅटोग्राफ कायदा आला आणि १९२० पासून मुंबईत सेन्सॉर मंडळ काम करू लागले, तेव्हा प्रथमच प्रत्येक प्रदर्शित चित्रपटाची सरकारी नोंद होऊ लागली: नाव, कंपनी, लांबी किती फूट. ज्या सेन्सॉरने कापाकापी केली त्याच्याच वह्यांमुळे आज आपल्याला चित्रपट ओळखता येतात. १९२१ च्या ‘भक्त विदुर’वर सिंध आणि मद्रासमध्ये बंदी आली, कारण त्यातला विदुर लोकांना महात्मा गांधींसारखा दिसला. चित्रपट गेला, त्याच्याविषयीचा सरकारी संताप मात्र फायलींत राहिला. प्रभातच्या १९३० मधल्या ‘उदयकाल’चे मूळ नाव ‘स्वराज्याचे तोरण’ होते आणि ते बदलायला लावले गेले, हेही सेन्सॉरशी झालेल्या झगड्यामुळेच ठळकपणे लक्षात राहिले आहे.

म्हणून खरा अंधार आहे तो १८९६ ते १९२० या चोवीस वर्षांत, आणि मराठी माणसाला सर्वांत जास्त अभिमान नेमका याच वर्षांचा आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली आणि १९०१ मध्ये सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या र. पु. परांजपे यांच्या स्वागताचे चित्रण केले. यातले काहीही आज पाहायला मिळत नाही. सावेदादांच्या कामाची आपली ओळख बहुतांशी नंतरच्या इतिहासकारांच्या लेखनातून झालेली आहे. कोलकात्यात हिरालाल सेन यांच्या फिल्मचा साठा १९१७ च्या आगीत जळाला आणि त्यांच्या ‘अलिबाबा’ला पूर्ण लांबीचा पहिला भारतीय चित्रपट म्हणायचे की रंगमंचावरच्या काही दृश्यांचे चित्रण म्हणायचे, हा वाद कायमचा अनिर्णित होऊन बसला. फाळक्यांच्या ‘आगकाड्यांची मौज’ या १९१५ च्या लघुपटावर तर भारतीय अ‍ॅनिमेशनचा आरंभबिंदू उभा केला जातो. त्यात काड्या नेमक्या कशा हलत, किती वेळ हलत, हे सांगू शकेल असा फिल्मचा तुकडा आपल्याकडे नाही.

फाळक्यांच्याच बाबतीत गोंधळ सर्वांत मोठा आहे, कारण तिथे आदर सर्वांत मोठा आहे. त्यांनी ९५ चित्रपट आणि २६ लघुपट बनवले, हा आकडा वर्षानुवर्षे पाठ्यपुस्तकांत, पुरवण्यांत आणि भाषणांत येतो. अभ्यासकांनी एकेक नाव तपासून केलेल्या सूचींत त्यांच्या दिग्दर्शनाखालील चित्रपट त्याहून बरेच कमी भरतात. तफावतीचे एक कारण उघड आहे. १९१८ मध्ये नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी स्थापन झाली. भागीदारांशी न पटल्याने फाळके ती सोडून काशीला गेले आणि काही काळाने परत आले. ते नव्हते तेव्हाही कंपनी चित्रपट काढत होती आणि ते परतल्यावरही सगळे चित्रपट त्यांनीच दिग्दर्शित केले असे नाही. ‘राजा हरिश्चंद्र’त तारामती झालेल्या अण्णा साळुंके यांनी याच कंपनीत कॅमेरा चालवला आणि दिग्दर्शनही केले. कंपनीचे सगळे काम फाळक्यांच्या खाती टाकले, की फाळके मोठे होतात असे वाटते. प्रत्यक्षात साळुंके आणि त्यांच्यासारखे इतर जण पुसले जातात. हा अन्याय आकड्यांच्या हट्टातून होतो, आणि तो सुधारायचा तर प्रत्येक चित्रपटाच्या नावापुढे पुरावा काय, हा प्रश्न विचारण्याला पर्याय नाही.

अशा नोंदवहीत चित्रपटांच्या चार पायऱ्या लावाव्या लागतील असे मला वाटते. ज्यांची फिल्म, निदान तुकडा, उपलब्ध आहे ते ‘कालिया मर्दन’ किंवा ‘लंका दहन’सारखे चित्रपट पहिल्या पायरीवर. फिल्म नाही पण प्रदर्शनाचा समकालीन पुरावा आहे असे ‘श्री पुंडलिक’, ‘मोहिनी भस्मासुर’, बाबुराव पेंटर यांचे ‘सैरंध्री’ दुसऱ्या पायरीवर. मराठी मूकपटांतले बहुसंख्य इथेच येतील. तिसरी पायरी स्वतः निर्मात्याच्या किंवा कलावंतांच्या साक्षीवर उभ्या असलेल्या चित्रपटांची. चौथ्या पायरीवर फक्त घोषणा झालेले किंवा फक्त नंतरच्या याद्यांत आढळणारे चित्रपट, म्हणजे कदाचित कधी पूर्ण न झालेले. भांडवल आटल्यामुळे अर्धवट राहिलेला चित्रपट, नाव बदलून आल्यामुळे दोनदा मोजला गेलेला चित्रपट, एकाच पौराणिक कथेवर दोन कंपन्यांनी काढलेल्या चित्रपटांची झालेली सरमिसळ: या सगळ्या शक्यता चौथ्या पायरीवरच तपासता येतात. सावित्री, हरिश्चंद्र, द्रौपदी ही नावे त्या काळात इतक्यांदा आली, की नुसते नाव म्हणजे पुरावा नव्हे. अमेरिकेतही हा प्रश्न सुटलेला नाही. मार्क्स बंधूंचा १९२१ चा ‘ह्यूमर रिस्क’ हा लघुपट एकदाच कुठेतरी दाखवला गेला म्हणतात, त्याची प्रत कुणाकडेही नाही, आणि तो पूर्ण तरी झाला होता का यावर अजून वाद आहे. फरक एवढाच, की तिथे अशा चित्रपटापुढे संशयाची नोंद करण्याची सवय आहे.

यावर पहिला आक्षेप येतो तो अस्मितेचा. पुराव्याची पट्टी कडक लावली तर मराठी माणसाचे ‘पहिलेपण’ धोक्यात येईल, अशी भीती असते. प्रत्यक्षात उलटे घडते. तोरणे यांच्याविषयीचा वाद पाहा. ‘श्री पुंडलिक’ हे श्रीपाद संगीत मंडळीच्या नाटकाचे चित्रण होते, कॅमेरा परदेशी माणसाने चालवला आणि फिल्म धुण्यासाठी लंडनला गेली, म्हणून त्याला पहिला भारतीय कथाचित्रपट म्हणू नये, असे एका बाजूचे म्हणणे असते. हा व्याख्येचा वाद आहे आणि तो प्रामाणिकपणे चालू राहू शकतो. पण हा वाद घालता तरी येतो तो एका जाहिरातीमुळे, एका तारखेमुळे. ती नसती, तर तोरणे यांचे नाव सावेदादांप्रमाणे धूसर झाले असते. पुराव्याने त्यांना वाचवले आहे. ज्यांना मराठी सिनेमाचा अभिमान आहे त्यांनी पुराव्याला घाबरण्याचे कारण नाही. पुराव्यावाचूनचा अभिमान पहिल्या जाणकार प्रश्नापाशी गळून पडतो.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे आणि तो मला पुष्कळसा मान्य आहे. जाहिरात नाही म्हणजे चित्रपट नव्हता, असे म्हणणे चुकीचे ठरेल. फाळक्यांनी १९१२ मध्ये कुंडीत पेरलेल्या वाटाण्याची वाढ रोज थोडी थोडी टिपली आणि ‘अंकुराची वाढ’ ही फिल्म भांडवल देऊ शकणाऱ्या यशवंत नाडकर्णी यांना दाखवली. ती विक्रीसाठी नव्हती, तिची जाहिरात होण्याचा प्रश्नच नव्हता. तरी तिच्याशिवाय ‘राजा हरिश्चंद्र’ उभा राहिला नसता. तंबूत खेळ करणारे फिरते बायोस्कोपवाले जत्रेत दवंडी पिटवत, इंग्रजी दैनिकात पैसे भरत नसत. नुसत्या मुंबईच्या वर्तमानपत्रांवर विसंबले, तर नाशिक, कोल्हापूर, खानदेश, बेळगाव इथला सिनेमा आपोआप नाहीसा होईल. म्हणूनच पुराव्याची व्याप्ती वाढवली पाहिजे. तंबू आणि थिएटरांना दिलेले परवाने, नगरपालिकांची दप्तरे, ‘केसरी’ आणि ‘ज्ञानप्रकाश’च्या फायली, कोल्हापूर संस्थानचे कागद, फाळक्यांनी १९१७-१८ मध्ये ‘नवयुग’ मासिकात लिहिलेले लेख, १९२७-२८ च्या सिनेमॅटोग्राफ समितीसमोर त्यांनी आणि इतरांनी दिलेल्या साक्षी, हे सगळे एकत्र वाचले गेले पाहिजे. तिसरी पायरी मी वेगळी ठेवली ती याचसाठी. निर्मात्याचा शब्द टाकून द्यायचा नाही. पण तो निर्मात्याचा शब्द आहे, हे नोंदवायचे.

तिसरा आक्षेप पैशाचा. कुजू लागल्यामुळे ज्या रिळांना आज व्हिनेगरचा वास सुटला आहे त्यांना वाचवायचे सोडून कागद कसले गोळा करता, असे संग्रहालयातला माणूस विचारील, आणि त्याची तळमळ खरी आहे. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये नायट्रेटच्या साठ्याला आग लागून अनमोल चित्रपट गेले. त्याची पुनरावृत्ती टाळण्यासाठी राष्ट्रीय चित्रपट वारसा मोहिमेसारखा सुमारे ५९७ कोटींचा उपक्रम हवाच होता. मात्र मूकपटांच्या बाबतीत वाचवायला उरलेली रिळे फार थोडी आहेत. त्या काळातला बहुतेक साठा आगीत गेला किंवा चांदी काढून घेण्यासाठी विकला गेला. मूकपटांसाठी आता जे वाचवता येण्यासारखे आहे ते मुख्यतः कागदावर आहे, आणि शंभर वर्षांपूर्वीचा वर्तमानपत्री कागद हात लावताच तुटतो. त्याला लागणारा खर्च फिल्मच्या पुनरुज्जीवनाच्या तुलनेत किरकोळ आहे. शिवाय कागद रिळांचा शत्रू नाही. कोलकात्याच्या मदन कंपनीचा १९१९ चा ‘बिल्वमंगल’ पॅरिसच्या सिनेमातेक फ्रान्सेझमध्ये सापडला आणि २०१६ मध्ये त्याचा उरलेला भाग पुण्याला मिळाला. परदेशी संग्रहालयातल्या नामपट्टी नसलेल्या भारतीय रिळाला ओळख द्यायची, तर लांबी, पात्रे, प्रसंग, साल यांची विश्वासार्ह नोंद आधी हाताशी असावी लागते. कल्पेपरला २०१२ पासून काही वर्षे एक कार्यशाळा भरत असे. तिथे अनोळखी मूकपट पडद्यावर लावत आणि प्रेक्षागृहातले जाणकार दुकानांच्या पाट्या, गाड्यांचे नंबर, नटांचे चेहरे पाहून चित्रपट बसल्या जागी ओळखत. त्यांच्यापुढे तपासून पाहायला सूची होत्या, अंकीकरण झालेली जुनी वर्तमानपत्रे होती. उद्या एखाद्या युरोपीय कोठारातून मराठी मूकपटाचे रीळ निघाले, तर त्याला ओळखणारे डोळे आपल्याकडे आहेत. पडताळायला सूची अपुरी आहे.

हे काम करायचे कुणी? राज्य पुराभिलेख संचालनालय, पुण्याचे चित्रपट संग्रहालय, मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय, नाशिकचे सार्वजनिक वाचनालय, कोल्हापूरचे करवीर नगर वाचन मंदिर यांच्यापैकी प्रत्येकाकडे या कोड्याचा तुकडा असू शकतो. कुणीतरी एकाने, आणि माझ्या मते राज्य सरकारने, ते एकत्र आणण्याची जबाबदारी लेखी घेतली पाहिजे. अ‍ॅशबर्नसारख्या ठिकाणच्या मराठी मंडळींनी यात काय करावे, याचेही उत्तर आहे, आणि ते देणगीपुरते नाही. माहितीचा साठा कसा रचावा, एकाच चित्रपटाची तीन नावे कशी जोडावीत, प्रत्येक दाव्याला त्याचा स्रोत कसा बांधून ठेवावा, हे इथल्या शेकडो घरांत रोजचे काम आहे. जुन्या टाइपातली, शाई पसरलेली देवनागरी यंत्र अजून अडखळत वाचते; त्यामुळे मराठी वाचू शकणारे डोळे लागतील, आणि तेही इथे आहेत. स्कॅन केलेले पान कुठूनही वाचता येते.

नोंदवही छापली जाईल तेव्हा ती एकसारखी भरलेली नसेल. ‘सैरंध्री’पुढे साल, कंपनी, पुण्याचे आर्यन थिएटर, सारे काही असेल. ‘राजा हरिश्चंद्र’पुढे दोन साले असतील आणि मधे प्रश्नचिन्ह. ‘आगकाड्यांची मौज’पुढचे बहुतेक रकाने रिकामे राहतील, आणि पुरावा मिळेपर्यंत ते कुणी अंदाजाने भरता कामा नयेत.